दवंडी आणि चावडी

गडहिंग्लजहून चंदगडकडे जाणाऱ्या वाटेवर नेसरी हें गांव लागतें. 24 फेब्रुवारी 1674 रोजीं सरनोबत प्रतापराव गुजर आपल्या सहा स्वारांसह येथील खिंडींत बहलोलखानाच्या फौजेवर तुटून पडले आणि सातहि वीर धारातीर्थीं पडले, ही कथा महाराष्ट्रांतील शाळकरी मुलालाहि ठाऊक आहे. इतिहासानें ज्याचें नांव अमर केलें त्या ह्या गांवाचा आजचा व्यवहार मात्र कोणत्याहि मोठ्या खेड्यासारखाच आहे. घटप्रभेच्या खोऱ्यांतील शेती, बाजार, शाळा, पोलीस ठाणें, ग्रामपंचायत, आणि पोटासाठीं मुंबई-पुण्याकडे गेलेलीं अनेक घरांतील माणसें. पावसाळ्यांत नदीला पाणी चढलें, एखादा पूल बुडाला, कीं ती बातमी सरकारी कागदावर उतरण्यापूर्वींच मुंबईंतील मुलाच्या मोबाइलवर पोहोंचते, आणि तेथून उलट फिरून ती गांवांतील बापाला कळते.

येथूनच एक महत्त्वाचा प्रश्न निर्माण होतो. गांवचा कारभार ज्यांच्या हातीं आहे त्यांच्या आधीं दुसराच कोणी गांवाशीं बोलूं लागला, तर कारभाऱ्यांनीं काय करावें? बहुतेक कार्यालयांनीं ह्याचें एक सोपें उत्तर शोधलें आहे. जिल्हाधिकारी, जिल्हा परिषद, पोलीस, महानगरपालिका, वीज कंपनी ह्या सर्वांनीं फेसबुकावर, व्हॉट्सअ‍ॅपवर आणि पूर्वीं ट्विटर म्हणून ओळखल्या जाणाऱ्या एक्सवर आपापलीं खातीं उघडलीं आहेत. खातें उघडलें म्हणजे लोकसंपर्क झाला, असा समज त्यामागें पुष्कळदां असतो. तो समज कितपत खरा आहे, आणि हें नवें साधन सरकार व समाज ह्यांना खरोखर जवळ आणूं शकेल तें कोणत्या अटीवर, हें तपासून पाहण्यासारखें आहे.

प्रथम ह्या साधनाचें स्वरूप पाहिलें पाहिजे. वर्तमानपत्र, रेडिओ व दूरचित्रवाणी हीं साधनें एकाकडून अनेकांकडे जाणारीं आहेत. बोलणारा एक असतो, ऐकणारे लाखों असतात, आणि ऐकणाराला उत्तर द्यावयाचें झाल्यास त्याला पोस्टाचें कार्ड घेऊन बसावें लागतें. समाजमाध्यमांत ही वाट दोन्ही बाजूंनीं खुली आहे. जो वाचतो त्यालाच लिहितां येतें, फोटो पाठवितां येतो, प्रश्न विचारतां येतो, आणि दुसऱ्यानें लिहिलेलें पुढें पाठवितां येतें. ह्या दुहेरी वाटेंतच त्याचा सर्व गुण आहे आणि सर्व दोषहि तेथेंच आहे.

जुन्या गांवगाड्यांत ह्या दोन वाटांसाठीं दोन निरनिराळ्या संस्था होत्या. एक दवंडी व दुसरी चावडी. दवंडी पिटणारा हलगी वाजवीत गल्लीगल्लींतून जाई, वरचा हुकूम मोठ्यानें सांगे आणि पुढच्या गल्लीला लागे. सारा भरावयाची तारीख असो, देवी टोंचणारा डॉक्टर येणार असो कीं नदीला पूर येणार असो, दवंडीचें काम ऐकविण्यापुरतें होतें. तिला थांबवून कोणी शंका विचारीत नसे. शंका विचारावयाची ती चावडीवर. तेथें पाटील-कुळकर्णी बसत, दप्तर असे, तक्रार ऐकली जाई, वाद होई आणि निकाल कागदावर लिहिला जाई. ही चावडी निर्दोष होती असें मुळींच नाहीं. तिची पायरी सर्वांना सारखी नव्हती. ज्यांना अस्पृश्य मानलें जाई त्यांना आणि स्त्रियांना तेथें बोलण्याचा अधिकार जवळजवळ नव्हताच. तथापि सरकारानें लोकांचें ऐकून घ्यावयाचें तर त्यासाठीं एक ठरलेली जागा, एक ठरलेला मनुष्य आणि एक दप्तर लागतें, हें तत्त्व चावडीनेंच शिकविलें.

आजच्या बहुसंख्य सरकारी खात्यांची स्थिति अशी आहे कीं हातीं चावडीचें साधन आलें असतांहि त्यांनीं तें दवंडीसारखें वापरलें आहे. मंत्र्यांच्या भेटीचीं, उद्घाटनांचीं व जयंतीपुण्यतिथीचीं छायाचित्रें रोज प्रसिद्ध होतात. खालीं कोणी विचारतो, "आमच्या वाडीचें पाणी आठ दिवस आलेलें नाहीं, कोणास भेटावें?" त्याला उत्तर नसतें. दवंडीवाला निदान निघून तरी जात असे, त्यामुळें त्याच्याकडून उत्तराची अपेक्षा कोणी करीत नसे. येथें मात्र प्रश्न सर्वांसमोर लिहिलेला राहतो आणि उत्तर नसल्याचेंहि सर्वांना दिसतें. अशा मौनानें विश्वास वाढण्याऐवजीं घटतो.

केवळ ऐकविण्यांत आणि चर्चा करण्यांत किती अंतर आहे ह्याचा एक मोठा प्रयोग मराठी मुलखांतच झालेला आहे, आणि तो रेडिओच्या इतिहासांत प्रसिद्ध आहे. 1956 सालीं फेब्रुवारी ते एप्रिल ह्या महिन्यांत आकाशवाणीच्या पुणें केंद्रानें युनेस्कोच्या साहाय्यानें तेव्हांच्या मुंबई राज्यांतील पांच मराठी भाषिक जिल्ह्यांत 150 खेड्यांतून ग्रामीण श्रोतृमंडळें स्थापन केलीं. आठवड्यांतून दोनदां, असे एकंदर 20 कार्यक्रम झाले. प्रत्येक मंडळांत सुमारें वीस ग्रामस्थ एकत्र बसून कार्यक्रम ऐकत, नंतर त्यावर चर्चा करीत आणि आपले प्रश्न व मतें केंद्राकडे पाठवीत. पुढील कार्यक्रमांतून त्या प्रश्नांचीं उत्तरें दिलीं जात. मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेंत काम करणारे पॉल न्यूरॅथ ह्यांनीं ह्या प्रयोगाची पाहणी केली. तींत श्रोतृमंडळांच्या खेड्यांची तुलना दोन प्रकारच्या खेड्यांशीं केलेली होती. एका प्रकारांत रेडिओ होता पण मंडळ नव्हतें. दुसऱ्यांत दोन्ही नव्हतीं. ज्या गांवांत मंडळें होतीं तेथील लोकांच्या माहितींत चांगलीच भर पडली. नुसता रेडिओ असलेलीं गांवें त्यांच्या मानानें फार मागें राहिलीं. ध्वनि तोच होता, शब्दहि तेच होते. फरक पडला तो माणसें एकत्र बसून बोललीं व त्यांच्या बोलण्याला वरून उत्तर आलें म्हणून. 1959 पासून हीच पद्धति देशभर पसरविण्यांत आली. यंत्र बदललें तरी हा धडा बदललेला नाहीं.

नव्या साधनाचा चांगला उपयोग झाल्याचीं उदाहरणेंहि आहेत, व तीं पाहिलीं म्हणजे यश कशांत असतें हें कळतें. नोव्हेंबर 2015 मध्यें विदर्भांतून जाणाऱ्या एका आगगाडींत शेगांवच्या आसपास एका प्रवासी स्त्रीला एक मनुष्य त्रास देऊं लागला. तिनें ट्विटरवरून रेल्वे मंत्रालयाला चार शब्द कळविले. गाडी भुसावळला पोहोंचली तेव्हां रेल्वेचे पोलीस तिच्या मदतीस हजर होते. वाचणाराला ह्यांत जादू वाटते. पण जादू दिल्लींतल्या पडद्यावर नव्हती. संदेश वाचणारा मनुष्य तेथें रात्रंदिवस बसविलेला होता, तो संदेश कोणत्या विभागाचा हें त्याला ठाऊक होतें, आणि त्या विभागाच्या अधिकाऱ्याला आज्ञा देण्याची व्यवस्था त्याच्या मागें उभी होती. पुढें रेल्वेनें ‘रेलमदद’ ह्या नांवानें निरनिराळ्या वाटांनीं येणाऱ्या सर्व तक्रारी एका ठिकाणीं नोंदविण्याची सोय केली, ती ह्याच अनुभवावरून. मुंबई पोलिसांनीं डिसेंबर 2015 मध्यें ट्विटरवर खातें उघडलें. त्यांच्या विनोदी वाक्यांचें पुष्कळ कौतुक झालें. परंतु नुसत्या विनोदानें तें खातें टिकलें नसतें. त्या विनोदाच्या शेजारीं रहदारीच्या तक्रारी स्वीकारल्या जात, त्या संबंधित ठाण्याकडे जात व तसें लोकांना कळविलेंहि जाई.

ह्यावरून पहिली अट निश्चित होते. खातें चालविणारा मनुष्य आणि काम करणारा मनुष्य ह्यांच्यामध्यें पक्का दोर असला पाहिजे. केंद्र सरकारच्या इलेक्ट्रॉनिक्स व माहिती तंत्रज्ञान विभागानें एप्रिल 2012 मध्येंच सरकारी संस्थांसाठीं समाजमाध्यमांच्या वापराचीं मार्गदर्शक तत्त्वें प्रसिद्ध केलीं होतीं. खातें कशासाठीं उघडावयाचें, तें कोण चालविणार व लोकांना प्रतिसाद कसा मिळणार, हें आधीं ठरवावें, असा त्यांचा रोख आहे. तत्त्वें सोपीं आहेत, पण खेड्यांत त्यांचा अंमल कठीण होतो. ज्यांना लोक अजूनहि ग्रामसेवक व तलाठी म्हणून ओळखतात त्या अधिकाऱ्यांकडे पुष्कळ ठिकाणीं एकाहून अधिक गांवांचा कार्यभार असतो. दिवसभर दप्तर, पंचनामे व बैठका ह्यांत गुंतलेल्या त्याच मनुष्यानें रात्रीं मोबाइलवरील दोनशें निरोपांना उत्तरें द्यावींत, अशी अपेक्षा धरणें अन्यायाचें होय. लोकांशीं बोलणें हें काम आहे असें सरकार मानीत असेल, तर त्या कामासाठीं वेळ व माणूस दिला पाहिजे.

दुसरी अट भाषेची. तिचें महत्त्व पुरासारख्या प्रसंगीं जिवावर बेततें तेव्हां कळतें. कासारी, कुंभी, तुळशी व भोगावती ह्या नद्यांच्या संगमानें प्रयाग चिखलीपाशीं पंचगंगा होते. कोल्हापुरांत राजाराम बंधाऱ्यावर तिची पातळी मोजतात. 39 फुटांस इशारा व 43 फुटांस धोका, हे आंकडे तेथील लहान मुलांनाहि पाठ असतात. ऑगस्ट 2019 मध्यें पाणी 55 फुटांच्या वर गेलें. पुणें-बंगळूर हमरस्ता शिरोलीजवळ बुडून अनेक दिवस बंद राहिला. जुलै 2021 मध्यें पाणी 56 फुटांपर्यंत चढलें. ह्या दिवसांत जिल्हा प्रशासन तासातासाला पातळी व धरणांचे विसर्ग जाहीर करीत होतें आणि लोक मोबाइलवर तीं वाचीत होते. राधानगरी धरणाला सात स्वयंचलित दरवाजे आहेत. पाणी ठराविक उंचीला गेलें कीं ते आपोआप उघडतात, आणि प्रत्येक दरवाजांतून सेकंदाला 1,428 घनफूट पाणी भोगावतींत पडतें. "राधानगरीचा सहावा दरवाजा उघडला, विसर्ग इतके क्युसेक" एवढा संदेश अभियंत्याला पुरेसा आहे. परंतु नदीकांठच्या घरांतील बाईला क्युसेकशीं काय करावयाचें आहे? तिला कळावयास पाहिजे तें इतकेंच कीं हें पाणी आपल्या गांवापाशीं किती तासांनीं येईल, कोणता रस्ता आधीं बुडेल, जनावरें कोणीकडे न्यावीं आणि रात्रीं निघावें कीं सकाळीं निघालें तरी चालेल.

नेसरीसारख्या गांवाची अडचण आणखी वेगळी आहे. जिल्हा एक असला तरी नदी एक नाहीं. पंचगंगेची पातळी किती, ह्यावरून घटप्रभेच्या कांठच्या मनुष्याला कांहींच बोध होत नाहीं. त्याला आपल्या नदीचें, आपल्या बंधाऱ्याचें व आपल्या पुलाचें वर्तमान पाहिजे. म्हणून जिल्ह्याच्या ठिकाणाहून निघालेला एकच संदेश सर्व तालुक्यांत जसाच्या तसा पाठविणें, ही दवंडीची रीत झाली. स्थानिक अधिकाऱ्यानें त्याचें गांवच्या भाषेंत रूपांतर करणें आणि गांवाकडून आलेली माहिती वर कळविणें, ही चावडीची रीत होय. पुलावर पाणी आलें आहे हें जिल्ह्याच्या कचेरीपेक्षां पुलाजवळच्या शेतकऱ्याला आधीं दिसतें. त्यानें काढलेला फोटो, त्यावर तारीख, वेळ व जागा लिहिलेली असेल तर, मोजणीच्या पट्टीइतकाच उपयोगी पडूं शकतो. 2005 च्या माहिती अधिकार कायद्याच्या चौथ्या कलमांतहि माहिती प्रसृत करतांना स्थानिक भाषा व त्या भागांत अधिक परिणामकारक ठरणारी पद्धति ध्यानांत घ्यावी, असें सांगितलें आहे. भाषा सोपी ठेवणें ही अधिकाऱ्याची मेहेरबानी नसून तें त्याचें कर्तव्य आहे.

तिसरी अट विश्वासाची. तिच्या अभावीं काय होतें तें 1 जुलै 2018 रोजीं धुळें जिल्ह्यांतील साक्री तालुक्यांतल्या राईनपाडा येथें दिसलें. मुलें पळविणारी टोळी फिरत असल्याच्या अफवा त्या दिवसांत मोबाइलवरून सर्वत्र पसरल्या होत्या. भिक्षेसाठीं फिरणाऱ्या नाथपंथी डवरी गोसावी समाजांतील पांच निरपराध मनुष्यांना त्या संशयावरून जमावानें ठार मारलें. त्याच महिन्यांत व्हॉट्सअ‍ॅप कंपनीनें भारतांत एक मजकूर एका वेळीं पांचांहून अधिक ठिकाणीं पुढें पाठवितां येणार नाहीं असें बंधन घातलें, आणि 17 जुलै रोजीं सर्वोच्च न्यायालयानें जमावाच्या हिंसेविरुद्ध सरकारांना सविस्तर आदेश दिले. रेडिओ, दूरचित्रवाणी व सरकारी संकेतस्थळें ह्यांवरून लोकांना बजावावें, हाहि त्यांतील एक भाग होता.

अफवेचा वेग यंत्राच्या बंधनानें थोडा कमी होईल, पण अफवा मारावयाची झाल्यास तिच्या तोडीचा खरा शब्द लागतो. आणि तो शब्द कोणाचा आहे हें लोकांना आधींपासून माहीत असावें लागतें. ज्या पोलीस ठाण्यानें वर्षभर हरवलेल्या जनावरांचा, चोरीचा व बाजारांतील रहदारीचा साधा पाठपुरावा लोकांशीं बोलून केला असेल, त्याचा "ही बातमी खोटी आहे" एवढा एक निरोप जमावाला थांबवूं शकेल. ज्यानें वर्षभर फक्त सत्काराचीं छायाचित्रें टाकलीं, त्याचा तोच निरोप कोणी वाचणार नाहीं. विश्वास हा विहिरीच्या पाण्यासारखा आहे. तो आधीं साठलेला असेल तरच आगीच्या वेळीं उपसतां येतो.

कठीण प्रसंगीं सरकारजवळ आणखी एक उपाय असतो, तो म्हणजे वाटच बंद करणें. जून 2023 मध्यें मोबाइलवर ठेवलेल्या कांहीं मजकुरावरून कोल्हापुरांत तणाव निर्माण झाला, दंगल उसळली आणि इंटरनेटची सेवा कांहीं काळ थांबविण्यांत आली. अशा उपायाची आवश्यकता कधीं असते व कधीं नसते ह्याविषयीं मतभेद असूं शकतील. परंतु एक गोष्ट निर्विवाद आहे कीं ती वाट बंद होतांच अफवेबरोबर सरकारचा स्वतःचा आवाजहि बंद पडतो. मग पोलिसांच्या गाडीवरचा कर्णा, शांतता समितीची बैठक आणि ओळखीच्या माणसाचा शब्द, हींच जुनीं साधनें कामास येतात. ज्यांनीं नव्याच्या भरांत जुनें मोडून टाकलें त्यांना अशा दिवशीं बोलावयास तोंडच उरत नाहीं. पुरांतहि तसेंच घडतें. वीज गेली कीं दुसऱ्या दिवशीं मोबाइल निर्जीव होतात, आणि गांवाला दवंडीची खरी किंमत तेव्हां समजते.

चौथी अट दप्तराची. मोबाइलवर बोलणें सोपें असतें म्हणूनच तें हवेंत विरून जाण्याची भीति असते. नागरिकानें निरोप पाठविला, अधिकाऱ्यानें अंगठ्याचें चित्र पाठविलें, आणि दोघांनाहि समाधान झालें. काम मात्र कोठेंच नोंदलें गेलें नाहीं. ह्याच्या उलट महाराष्ट्राचा 2015 चा लोकसेवा हक्क कायदा पाहावा. अधिसूचित सेवेसाठीं अर्ज केला म्हणजे त्याला क्रमांक मिळतो, मुदत ठरते, मुदतींत काम न झाल्यास पहिलें व दुसरें अपील करतां येतें, त्यापुढें आयोगाकडे जातां येतें, आणि कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला 500 ते 5,000 रुपयांपर्यंत दंड होऊं शकतो. ‘आपले सरकार’ ह्या संकेतस्थळावरून असे अर्ज करतां येतात, आणि तशाच कांहीं सेवा व्हॉट्सअ‍ॅपवरून देण्याविषयींचा करार राज्य सरकारनें फेब्रुवारी 2025 मध्यें जाहीर केला. मोबाइलवरील गोड उत्तर व कायद्यानें मिळालेला क्रमांक ह्यांपैकीं नागरिकानें नेहमीं क्रमांकच मागावा. चांगलें सरकारी खातें तें कीं जें प्रत्येक तक्रारीला असा क्रमांक देतें, किंवा तो कोठें मिळेल ती वाट दाखवितें.

दप्तर लोकांपुढें उघडें केल्यानें काय साधतें ह्याचें उत्तम उदाहरण महसूल खात्याचें चावडीवाचन होय. सातबाराचे उतारे संगणकावर चढवितांना झालेल्या चुका शोधण्यासाठीं 2017 सालीं गांवोगांवीं हे उतारे मोठ्यानें वाचून दाखविण्याचा उपक्रम झाला. खातेदारानें आपलें नांव, क्षेत्र व हिस्सा ऐकावा आणि चूक असल्यास तेथेंच आक्षेप घ्यावा, अशी ती रीत होती. कचेरींत बसून जी चूक कोणत्याहि कारकुनाला सापडली नसती, ती शेताच्या धन्याला एका क्षणांत सापडते. समाजमाध्यमांवर गांवच्या कामांची यादी, खर्चाचा तक्ता किंवा नळाच्या पाण्याचें वेळापत्रक प्रसिद्ध करणें, हें आजचें चावडीवाचनच आहे; अट एवढीच कीं आक्षेप घेणाराचें म्हणणें नोंदलें जावें व दुरुस्ती झाल्याचेंहि त्याच जागीं सांगितलें जावें. मात्र येथें एक मर्यादा पाळली पाहिजे. कामाचा हिशेब सर्वांचा असतो, पण लाभार्थ्याचा आधार क्रमांक, बँकेचें खातें किंवा आजार हा सर्वांचा नसतो. घाईघाईनें संपूर्ण यादीचा फोटो गटावर टाकण्याची संवय सोडली पाहिजे. वैयक्तिक माहितीच्या संरक्षणासाठीं संसदेनें 2023 सालीं स्वतंत्र कायदा केला आहे, हें प्रत्येक कार्यालयानें ध्यानांत ठेवावें.

पांचवी अट सर्वांत नाजूक आहे. जुन्या चावडीची पायरी ज्यांना बंद होती, त्यांना नव्या चावडीची पायरी उघडी आहे काय? 2019 ते 2021 ह्या काळांत झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणींत देशांतील 15 ते 49 वर्षांच्या स्त्रियांपैकीं सुमारें 54 टक्के स्त्रियांपाशींच स्वतः वापरावयाचा मोबाइल असल्याचें आढळलें. म्हणजे घरांत मोबाइल असला तरी तो बहुधा पुरुषाच्या खिशांत असतो. वृद्ध, निरक्षर व शेतमजूर ह्यांची स्थिति ह्याहून बिकट असणार हें उघड आहे. पाण्याच्या टाकीची जागा व्हॉट्सअ‍ॅपच्या गटावर ठरविली, तर पाणी भरणाऱ्या बायकांचें मत त्यांत कोठें आलें? म्हणूनच मोबाइलवरील गट हा ग्रामसभेची जागा घेऊं शकत नाहीं. ग्रामसभेला कायदा आहे, गणपूर्ति आहे, ठरावाचें पुस्तक आहे आणि तेथें प्रत्येक मतदाराला बोलण्याचा हक्क आहे. मोबाइलनें ग्रामसभेची तारीख व विषय सर्वांना वेळेवर कळवावेत, सभेंतील ठराव नंतर प्रसिद्ध करावेत, परगांवीं गेलेल्यांच्या सूचना सभेपुढें आणाव्यात. निर्णय मात्र सभेंतच व्हावा.

ह्या दृष्टीनें महाराष्ट्रांतील अनेक जिल्ह्यांत वापरली जाणारी ग्राम सुरक्षा यंत्रणा लक्षांत घेण्याजोगी आहे. तींत संकटाच्या वेळीं गांवकऱ्यानें एका ठराविक क्रमांकावर फोन करून बोललेला निरोप त्याच्या गांवांतील सर्व नोंदणीकृत फोनांवर त्याच आवाजांत एकदम ऐकूं जातो. त्यासाठीं महागडा मोबाइल लागत नाहीं व अक्षरज्ञानहि लागत नाहीं. नवें साधन जुन्या दवंडीच्या गुणाशीं जोडलें म्हणजे तें सर्वांपर्यंत कसें पोहोंचतें ह्याचा हा नमुना आहे.

राहतां राहिला अधिकाऱ्यांचा स्वतःचा प्रश्न. खातें पदाचें असावें, व्यक्तीचें असूं नये. बदली झाली कीं अधिकाऱ्याबरोबर खातें व त्यावरचे हजारों लोक निघून जावेत, हें लोकांच्या हिताचें नाहीं. जुलै 2025 मध्यें राज्य सरकारनें कर्मचाऱ्यांसाठीं काढलेल्या नियमांत वैयक्तिक व कार्यालयीन खातीं वेगळीं ठेवण्यास सांगितलें आहे, तें योग्यच आहे. पण नियमांची भीति इतकीहि असूं नये कीं अधिकारी बोलणेंच टाळूं लागेल. चूक झाल्यास ती उघडपणें दुरुस्त करावी. चुकीचा मजकूर गुपचूप काढून टाकल्यानें लोकांचा संशय अधिकच बळावतो. शिवीगाळ आणि टीका ह्यांतला भेद ओळखावा. "तुमचें काम झालेलें नाहीं" असें म्हणणारा नागरिक हा शत्रु नसतो. बहुधा ज्याला अजून आशा आहे असा तोच एक उरलेला असतो. तोहि बोलावयाचा थांबला म्हणजे कार्यालयाच्या खात्यावर शांतता नांदते, पण ती शांतता शुभ नव्हे.

शहरांतील सुशिक्षित कुटुंबांकडेहि ह्यांतील एक वाटा येतो. गांवाकडील नातलगांना सर्वांत अधिक मजकूर पाठविणारे हात त्यांचेच असतात. मागच्या पुराचें चित्र यंदाचें म्हणून धाडणें, तारीख नसलेली बातमी पुढें ढकलणें, हा त्यांना क्षणाचा चाळा वाटतो. तिकडे नदीकांठच्या घरांत त्यामुळें रात्रभर कोणी झोंपत नाहीं, किंवा त्याहून वाईट म्हणजे खऱ्या इशाऱ्यालाहि कोणी भीत नाहींसें होतें. संदेशावर तारीख आहे काय, तो कोणत्या कार्यालयाचा आहे, आणि त्या कार्यालयाच्या स्वतःच्या खात्यावर तो सांपडतो काय, ह्या तीन गोष्टी पाहण्यास एक मिनिटहि लागत नाहीं.

ह्याच कुटुंबांना आपल्या नगरपालिकेची किंवा आपल्या मूळ गांवच्या ग्रामपंचायतीची परीक्षाहि घेतां येईल. तिच्या खात्यावर किती लोक आहेत हें मोजूं नये. लोकांनीं विचारलेले शेवटचे दहा प्रश्न काढावेत. त्यांपैकीं कितींना उत्तर मिळालें, किती दिवसांनीं मिळालें, आणि त्या उत्तरानंतर काम झालें काय, एवढेंच पाहावें. नळ, रस्ता, पूर आणि अफवा ह्या चार प्रसंगीं ज्या गांवाला सरकारचा शब्द वेळेवर मिळतो आणि ज्याचा शब्द सरकारपर्यंत पोहोंचतो, त्या गांवाला नवी चावडी मिळाली असें म्हणतां येईल. बाकीच्यांनीं दवंडीचें कातडें तेवढें बदललें आहे.